लाँगियरब्येनची गावफेरी: अस्वल नाही, जमीन बघायची आहे

पाचपैकी साडेचार तारे.

नॉर्वेच्या उत्तरेला, आर्क्टिकमधल्या स्वालबार्ड बेटांवर जाणारे बहुतेक जण पांढरी अस्वलं आणि हिमनद्या बघायला जातात, आणि तिथल्या बोटींच्या सहलींबद्दल मराठीत बऱ्यापैकी वाचायला मिळतं. मी लिहितेय ती तिथल्या लाँगियरब्येन या गावातल्याच चार तासांच्या फेरीबद्दल. थोडी व्हॅनमधून, बरीचशी पायी. कंपनी दोन-तीन माणसांची, आणि वाटाडी त्याच गावात राहणारी. बोट आणि ही फेरी यांतलं एकच जमणार असेल, तर ही करा.

मी सार्वजनिक बांधकाम खात्यातून निवृत्त झाले. नोकरीची बरीच वर्षं मराठवाड्यात गेली, म्हणजे काळ्या मातीवर इमारती उभ्या करण्यात. काळी माती पावसाळ्यात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते, आणि वरच्या भिंतीला तडे जातात. म्हणून आपण ती हलणारी माती ओलांडून खाली जातो आणि पाया स्थिर थरात रोवतो. लाँगियरब्येनमध्येही तेच केलेलं आहे. वरची साधारण मीटरभर जमीन उन्हाळ्यात सुटते, हिवाळ्यात गोठून फुगते. तिच्याखाली पर्माफ्रॉस्ट, म्हणजे वर्षानुवर्षं गोठलेली जमीन, दऱ्यांमध्ये सुमारे शंभर मीटर खोल. घरं खांबांवर उचलून धरलेली आहेत, घराची ऊब जमिनीला लागू नये म्हणून. इथपर्यंत सगळं माझ्या ओळखीचं होतं. पण आपल्याकडे खालचा थर स्थिर असतो यावर सगळी भिस्त असते, आणि इथे तो खालचा थरच तापत चाललाय. पायाचं काम केलेल्या माणसाला याहून वाईट बातमी नाही.

आमच्या वाटाडीनं सुरुवातच तिथून केली. एका जुन्या लाकडी इमारतीखाली वाकायला लावलं आणि खांब दाखवले. गोठलेल्या मातीत लाकूड वर्षानुवर्षं टिकतं. उन्हाळ्यात सुटणारा थर खोल जायला लागला की तोच खांब ओल आणि हवा लागून कुजतो. आता नव्या इमारतींना पोलादी खांब देतात, थेट खडकापर्यंत. "खर्च किती वाढतो?" असं मी विचारल्यावर तिनं आकडा ठोकून दिला नाही, जमिनीखाली खडक किती खोल आहे त्यावर अवलंबून आहे म्हणाली. हे उत्तर ऐकलं आणि माझा तिच्यावर विश्वास बसला.

मग सुकरटोप्पन डोंगराच्या पायथ्याशी गेलो. १९ डिसेंबर २०१५ला सकाळी, ध्रुवीय रात्रीच्या अंधारात, मोठ्या वादळानंतर या उतारावरून हिमकडा कोसळला. अकरा घरं जागेवरून ढकलली गेली. दोघं गेले, त्यातली एक दोन वर्षांची मुलगी. २०१७मध्ये पुन्हा कडा आला, तेव्हा सुदैवानं कुणी दगावलं नाही. नंतर धोक्याचे नकाशे नव्यानं आखले गेले, उतारावर बर्फ धरून ठेवणारी कुंपणं लागली, खाली बांध घातला गेला आणि सुमारे १४० घरं रिकामी करून हटवायचं ठरलं. जेमतेम अडीच हजार वस्तीच्या गावात १४० घरं! त्या मोकळ्या पट्ट्यासमोर आम्ही उभे होतो. त्या दिवशी गावातली माणसं फावडी घेऊन कशी धावली, ते ती सांगत होती. सगळं तापमानवाढीनंच झालं, असं ती म्हणाली नाही. हिमकडे पूर्वीही कोसळायचे. पण पूर्वी हिवाळाभर थंडी टिकायची, आता मध्येच ऊब येते, पाऊस पडतो, पुन्हा गोठतं, आणि कोणता उतार कधी सुटेल याचा जुना अंदाज चालत नाही. एवढ्या जपून बोलणारी माणसं मला फार कमी भेटलीत.

आकडे ती मोजकेच देते. १९७०च्या दशकापासून इथलं वर्षाचं सरासरी तापमान सुमारे ४ अंशांनी चढलंय, हिवाळ्याचं त्याहून जास्त. २५ जुलै २०२०ला विमानतळावर २१.७ अंश नोंदले गेले, तो तिथला उच्चांक. आणि हे गाव ७८ अंश उत्तर अक्षांशावर आहे. अटलांटिकचं ऊबदार पाणी स्पिट्सबर्गेनच्या, म्हणजे हे गाव ज्यावर आहे त्या मुख्य बेटाच्या, पश्चिम किनाऱ्यानं वर येतं. समुद्रावरचं बर्फ कमी झालं की खालचं काळं पाणी ऊन शोषतं आणि पुढच्या वर्षी बर्फ आणखी उशिरा धरतं. गावासमोरचा इसफ्योर्ड आता पूर्वीसारखा गोठत नाही (फ्योर्ड म्हणजे डोंगरांमध्ये आत शिरलेली समुद्राची चिंचोळी खाडी). जिथून लोक बर्फावरून स्नोस्कूटर पलीकडे न्यायचे, तिथे आता भर हिवाळ्यात उघडं पाणी असतं. २००४मध्ये या फ्योर्डच्या तोंडाशी निळ्या शिंपल्या सापडल्या, सुमारे हजार वर्षांनी परतलेल्या. २०१३मध्ये बांगड्याच्या जातीचा मॅकरेल मिळाला.

जगभरच्या पिकांचं बियाणं जपून ठेवणाऱ्या कोठारापाशी व्हॅन थांबते. आत कुणालाच सोडत नाहीत, फक्त दार दिसतं, हे आधीच सांगून ठेवते. आमच्यातले दोघं त्यावरून हिरमुसले. माझ्यासाठी मात्र सगळ्यात मोलाची पंधरा मिनिटं तीच होती. फेब्रुवारी २००८मध्ये उघडलेलं हे कोठार डोंगराच्या पोटात, उणे १८ अंशांवर ठेवलेलं. हैदराबादजवळच्या इक्रिसॅटनं दिलेलं बियाणंही त्यात आहे. ज्वारी, तूर, हरभरा यांवर काम करणारी ही संस्था, म्हणजे आपल्या ताटातलंच काहीतरी त्या दारामागे आहे. २०१६च्या ऑक्टोबरात ऊब आणि पाऊस इतका झाला की प्रवेशाच्या बोगद्यात पाणी शिरलं. बियाण्याला धक्का लागला नाही. पण कारण ऐका. बोगदा खणताना भोवतालची जमीन सुटली होती, ती पुन्हा गोठेल असं गृहीत धरून आराखडा केला होता. ती गोठलीच नाही. पुढे तो बोगदा जलरोधक काँक्रीटचा नव्यानं बांधावा लागला. शतकानुशतकं टिकावं म्हणून बांधलेल्या वास्तूचं गृहीतक दहा वर्षंसुद्धा टिकू नये, हे ऐकून मी बराच वेळ गप्प होते.

दफनभूमी रस्त्यावरूनच बघायची. पांढरे क्रूस, त्यांत १९१८च्या तापाच्या साथीत गेलेले तरुण खाणकामगार. शवपेटी पुरणं इथे कित्येक दशकांपूर्वीच थांबलं, कारण गोठण्या-सुटण्यात जमीन पुरलेली वस्तू वर ढकलते. आता तर वरचा उतारच भरवशाचा राहिला नाही.

कोळशाबद्दल ती आडपडदा ठेवत नाही, आणि हे मला फार आवडलं. १९०६मध्ये हे गाव वसलं तेच कोळशासाठी. गावाला वीज आणि ऊब देणारं कोळशाचं केंद्र ऑक्टोबर २०२३मध्ये बंद झालं, त्या जागी डिझेल आलं. शेवटची नॉर्वेजियन खाण, सात नंबरची, ३० जून २०२५ला बंद झाली. तिच्या नवऱ्याचे मित्र तिथे कामाला होते. खाण बंद झाली हे योग्यच, असं म्हणताना तिचा आवाज जड झाला होता. खाण गेल्यावर गाव जगतं ते संशोधनावर आणि आमच्यासारख्या पर्यटकांवर, आणि आम्ही येतो विमानानं. "यावं की न यावं?" असं माझ्या मुलानं विचारलं. ती म्हणाली, आलात तर बघून जा आणि घरी जाऊन नीट सांगा. हा लेख मी त्यासाठीच लिहितेय.

रेनडिअर वाटेत दिसतातच, बुटके, आखूड पायांचे, घरांमध्ये बिनधास्त चरणारे. भर हिवाळ्यात पाऊस पडला की तो जमिनीवर गोठून बर्फाचा कडक थर होतो आणि त्यांना खालचं गवत-शेवाळ खुरानं उकरता येत नाही. २०१९मध्ये नॉर्वेच्या ध्रुवीय संस्थेच्या माणसांना नेहमीच्या मोजणीत सुमारे दोनशे मेलेले रेनडिअर मिळाले होते.

आम्ही भारतातले म्हटल्यावर तिनं 'हिमाद्री'चं नाव घेतलं. उत्तरेला न्यी-ओलेसुंडमध्ये २००८पासून चालणारं आपलं संशोधन केंद्र. त्याचा कारभार बघते गोव्यात वास्कोला असलेली ध्रुवीय संशोधनाची राष्ट्रीय संस्था. तिथल्या फ्योर्डमध्ये २०१४पासून आपली उपकरणंही पाण्यात सोडलेली आहेत. आर्क्टिकच्या तापण्याचा आपल्या पावसाशी काय संबंध, हा त्यांच्या अभ्यासाचा एक विषय आहे. व्हॅनमधल्या इतर लोकांना हे नवीन होतं. मला फार बरं वाटलं.

अर्धा तारा का कापला? वारा सुटला की तिचं बोलणं मागच्या माणसांपर्यंत पोचत नाही, आणि कानाला लावायचं यंत्र कंपनी देत नाही. दुसरं, मधले जवळजवळ दोन तास स्वच्छतागृह नाही. वयस्कर माणसांना हे आधी कळायला हवं. शेवटी संग्रहालयाला दिलेला वेळ अपुरा होता, आम्ही दुसऱ्या दिवशी वेगळं तिकीट काढून गेलो.

दर नॉर्वेच्या मानानं रास्त, आपल्या मानानं भारीच. कॉफी आणि वॅफल त्यात येतं. आम्ही ऑगस्टच्या सुरुवातीला गेलो, तेव्हा सूर्य मावळत नव्हता. तरी वारारोधक जाकीट आणि घोट्यापर्यंतचे बूट लागतातच, कारण सुटलेल्या जमिनीत चिखल फार. पायमोजे धड घाला, खाणकामगारांच्या काळापासूनच्या रिवाजानं बऱ्याच ठिकाणी बूट दाराशी काढावे लागतात. दहा वर्षांखालच्या मुलांना ही फेरी कंटाळवाणी होईल. गावाच्या हद्दीबाहेर अस्वलाचा धोका असतो म्हणून वाटाडीच्या खांद्यावर बंदूक असते, तिला घाबरू नका. आणि स्वालबार्ड शेंगेनच्या, म्हणजे एकाच व्हिसावर फिरता येणाऱ्या युरोपीय देशांच्या गटाच्या, बाहेर आहे, त्यामुळे परतताना नॉर्वेत पुन्हा प्रवेश मिळायला दोनदा प्रवेशाचा व्हिसा लागतो. अर्ज भरतानाच तो पर्याय निवडा.