बोनमील म्हणून चुनखडीची पोती विकली

सांगलीत आमच्या घरामागे चाळीस गुलाब आहेत. म्हणजे दसऱ्यापर्यंत होते, आता चौतीस उरलेत. जे सहा गेले त्यात सासूबाईंनी लावलेला देशी गुलाबही आहे. दरवर्षी गुलकंद त्याच्याच पाकळ्यांचा व्हायचा. झाड म्हातारं होऊन गेलं असतं तर मनाला समजावलं असतं. ते मी स्वतःच्या हाताने घातलेल्या खतानं गेलं, म्हणून हे लिहिते आहे.

सासूबाई शेणखत आणि लेंडीखत यांच्या पलीकडे जायच्या नाहीत, हाडांचा चुरा अंगणात नको म्हणायच्या. बोनमील, म्हणजे हाडांच्या चुऱ्याचं खत, मी सुरू केलं, बारा-तेरा वर्षांपूर्वी. दसऱ्यानंतर छाटणी करायची, आळी उकरायची, चांगलं कुजलेलं शेणखत आणि झाडामागे मूठभर बोनमील द्यायचं, वर निंबोळी पेंड. यंदा दुकानात बोनमील 60 रुपये किलो सांगितलं. त्याच आठवड्यात कॉलनीत एक छोटा टेम्पो आला. चाळिशीचा माणूस, बोलायला गोड. ‘काकू, कारखान्यातून थेट आणतो, मधला दलाल नाही, 32 रुपये किलो.’ त्याने प्लास्टिकच्या डबीतून चिमूटभर पूड माझ्या तळहातावर ठेवली. करडी, किंचित पिवळट, बोटांना खरखरीत, आणि तो ओळखीचा उग्र वास. माल खरा आहे अशी माझी खात्री पटली. डबीतला माल खराच होता. पोत्यांत काय आहे हे मात्र मी पाहिलं नाही. ‘शिलाई आत्ता उसवू नका काकू, दमट हवेत गोळे होतात’, असं तो म्हणाला आणि मी ऐकलं. 25 किलोची दोन पोती, 1600 रुपये रोख. बिल मागितलं तर म्हणाला, पुढच्या फेरीला देतो.

पोतं उघडलं तेव्हा पूड जास्त पांढरी आणि मैद्यासारखी बारीक वाटली. वास नव्हता. वाफवलेल्या बोनमीलला वास कमी असतो हे मला माहीत होतं, म्हणून मीच मनाची समजूत घातली. त्याने झाडाला अर्धा किलो सांगितलं होतं, तेवढं घातलं. आणखी एक गोष्ट तेव्हाच खटकायला हवी होती. दरवर्षी बोनमील घातलं की गल्लीतली कुत्री रात्री येऊन आळी उकरतात, वर काट्याकुट्या टाकाव्या लागतात. यंदा एकही कुत्रं फिरकलं नाही.

छाटणीनंतर फुटवे छान आले. नोव्हेंबर संपता संपता शेंड्याची पानं पिवळी पडायला लागली. शिरा हिरव्यागार आणि मधला सगळा भाग लिंबासारखा पिवळा. शेतकरी याला केवडा म्हणतात. लोह मिळालं नाही की असं होतं. मी पाणी कमी केलं, मग वाढवलं, मग आणखी शेणखत घातलं. कळ्या बोराएवढ्या होऊन गळून पडत होत्या.

शेवटी दोन आळ्यांतली माती तपासायला दिली. दोन वर्षांपूर्वीच्या अहवालात सामू (पीएच) 7.8 होता, आता 8.3 आला. मुक्त चुनखडीचं प्रमाणही खूप वाढलेलं. प्रयोगशाळेतल्या बाईंनी विचारलं, ‘चुना घातला होता का?’ मी घरून पोत्यातली पूड पुडीत बांधून नेली होती. त्यांनी बशीत चमचाभर घेऊन त्यावर सौम्य आम्ल टाकलं, तर सोडा टाकल्यासारखी फसफसून वर आली. ती बशी अजून डोळ्यांसमोर आहे.

आपल्या कृष्णाकाठच्या काळ्या जमिनीत चुनखडी मुळातच असते. त्यात आणखी बारीक चुनखडी मुळांशी घातली की जमिनीतलं लोह झाडाला घेता येत नाही. बाईंनी हेही सांगितलं की अशा जमिनीत खऱ्या बोनमीलमधलं स्फुरदही (फॉस्फरस) फार हळू लागू पडतं. कोकणातल्या आम्ल जांभ्या मातीत त्याचा उपयोग जास्त. इतकी वर्षं मी ज्याला बोनमीलचा गुण समजत होते तो बहुधा शेणखताचाच होता.

घरी येऊन दुसऱ्या पोत्याची शिलाई उसवली. आधीच्या वर्षीचं थोडं खरं बोनमील डब्यात होतं. दोन्हींवर व्हिनेगर टाकलं. खऱ्यावर चार-दोन बुडबुडे आले, हाडांतही थोडा चुना असतोच. पोत्यातलं भसाभसा फेसाळलं. मग जुन्या लोखंडी पळीत दोन्ही वेगवेगळी तापवली. खरं काळं पडलं आणि केस जळल्यासारखा वास सुटला. पोत्यातलं पांढरं ते पांढरंच राहिलं. दहा मिनिटांचं काम, तेही घरातल्या वस्तूंनी. हे पैसे देण्याआधी केलं असतं तर झाडं वाचली असती.

तालुक्याच्या कृषी अधिकाऱ्यांकडे गेले. त्यांनी नीट ऐकून घेतलं, पण पोत्यावर उत्पादकाचं नाव नाही, घटकांचं प्रमाण नाही, माझ्याकडे बिल नाही आणि टेम्पोचा नंबरही नाही. कारवाई करायची कुणावर? खत नियंत्रण आदेश 1985 मध्ये बोनमीलसाठी मानकं ठरलेली आहेत. कच्च्या बोनमीलमध्ये किमान 3 टक्के नत्र (नायट्रोजन) आणि 20 टक्के स्फुरद हवं, वाफवलेल्यात 22 टक्के स्फुरद. हे पोत्यावर छापलेलं असायला हवं आणि विक्रेत्याने पावती द्यायलाच हवी. माझ्या पोत्यांवर निळ्या शाईत फक्त ‘शुद्ध बोनमील’ होतं.

आता पांढरी माती जमेल तेवढी काढून टाकली आहे आणि शेणखत भरपूर घातलं आहे. लिटरला 5 ग्रॅम हिराकस (लोह देणारं फेरस सल्फेट) आणि थोडं लिंबूसत्त्व घालून संध्याकाळी फवारते. नवी पानं हिरवी येऊ लागलीत, पण चुनखडी पुरती निघणार नाही.

शेजारच्या कॉलनीत दोघींनी त्याच माणसाकडून पोती घेतली आहेत, एकीने ती कुंड्यांत घातलीही. म्हणजे तो अजून फिरतो आहे. तुमच्या दारात आला तर डबीतली पूड बघू नका. जे पोतं घेणार तेच त्याच्यासमोर उसवा आणि व्हिनेगरची बाटली बाहेर आणा. फेस आला तर वाद घालू नका. आधी टेम्पोचा नंबर लिहून घ्या, फोटो काढा, आणि तो कॉलनीत आहे तोवरच कृषी कार्यालयाला फोन करा.