जुनं कार्ड, १४४०पी मॉनिटर: दिवाळीपासून वापरतोय, रिझोल्यूशनचा सोक्षमोक्ष एकदाचा लागला

दिवाळीच्या सुमारास नागपूरच्या बर्डीवरून (सीताबर्डीच्या बाजारातून) २७ इंची, १४४०पी (आडवे २५६०, उभे १४४० पिक्सेल), १४४ हर्ट्झचा (सेकंदाला १४४ वेळा चित्र बदलणारा) आयपीएस पॅनेलचा मॉनिटर घेतला. ग्राफिक्स कार्ड तेच जुनं, जीटीएक्स १६५०, ४ जीबीवालं. आता मृग लागलाय, म्हणजे हिवाळा आणि नागपूरचा अख्खा उन्हाळा या जोडीने माझ्याकडे काढलाय. दुकानात सांगितलं होतं, "भाऊ, तुमचं कार्ड हे ओढणार नाही, १०८०पीच घेऊन जा." मित्रांचा सल्ला वेगळा होता: जुने गेम खेळतोस ना, मग मोठ्या रिझोल्यूशनच्या नादी लागू नकोस, सगळं ताणलेलं आणि धूसर दिसेल. मी जुने गेमही खेळतो आणि नवेही. एवढ्या वापरानंतर मला हे दोन्ही सल्ले चुकीचे वाटतात. अट एकच आहे. गेमने कमी पिक्सेलमध्ये काढलेलं लहान चित्र पडद्याएवढं मोठं करायचं काम कोणाकडे द्यायचं, हे आपण ठरवायचं. ते ठरवलं नाही तर मात्र दोन्ही सल्ले खरे ठरतात.

हे काम करायला चार जण टपलेले असतात: गेम स्वतः, विंडोज, कार्डाचा ड्रायव्हर (कार्ड चालवणारं सॉफ्टवेअर) आणि मॉनिटर. रिझोल्यूशनच्या बहुतेक तक्रारी यांच्यातल्या दोघांनी एकाच वेळी हात घातल्यामुळे होतात. एकाच भाजीत दोघींनी मीठ घालावं, तसं होतं.

पहिल्यांदा गणित. १०८०पी म्हणजे २०,७३,६०० पिक्सेल, १४४०पी म्हणजे ३६,८६,४००. उभ्या-आडव्या दोन्ही बाजूंनी १.३३ पट. पिक्सेल काही सव्वा किंवा दीड होत नाही, म्हणून शेजारच्या दोघांचा रंग मिसळून मधला भरावा लागतो. धूसरपणा येतो तो इथून. हे डोळ्यांनी बघायचं असेल तर गेमसुद्धा लागत नाही. डेस्कटॉप १०८०पीवर ठेवा आणि मराठी ई-पेपरचं एखादं पान उघडा. अनुस्वाराचा टिंब शिरोरेषेला चिकटतो, 'र्‍या' मधला आडवा रफार नुसता डाग दिसतो, जोडाक्षरांची पोटं भरून येतात. परत १४४०पीवर या, सगळी अक्षरं सुटी होतात. इंग्रजी मजकुरात हा फरक इतका चटकन कळत नाही, आपल्या लिपीत लगेच कळतो. मी कोणाचाही मॉनिटर तपासायला बसलो की आधी हेच करतो.

आता चित्र मोठं कोण करतंय, हे ओळखायचं कसं? विंडोज ११ मध्ये सेटिंग्ज, सिस्टीम, डिस्प्ले, मग ॲडव्हान्स्ड डिस्प्ले. तिथे दोन ओळी असतात, डेस्कटॉप मोड आणि ॲक्टिव्ह सिग्नल मोड. डेस्कटॉप १९२० बाय १०८० आणि सिग्नल २५६० बाय १४४० दिसला, तर काम कार्ड करतंय. दोन्हीकडे १९२० बाय १०८० असेल, तर मॉनिटर करतोय. या दोन ओळी कोणी मला आधी दाखवल्या असत्या तर किती बरं झालं असतं!

माझ्या मॉनिटरचं स्वतःचं स्केलिंग, म्हणजे चित्र मोठं करणं, सुमार आहे. त्याच्या मेनूत आस्पेक्ट रेशोचा (रुंदी-उंचीचं मूळ प्रमाण जपण्याचा) पर्याय आहे, पण ॲडॅप्टिव्ह सिंक (कार्डाच्या वेगाशी मॉनिटरने जुळवून घ्यायची सोय) चालू केलं की तो करडा होतो, बदलताच येत नाही. म्हणून काम कार्डाकडे दिलं. एनव्हीडिया कंट्रोल पॅनेलमध्ये 'ॲडजस्ट डेस्कटॉप साइज अँड पोझिशन' उघडा, 'परफॉर्म स्केलिंग ऑन' पुढे जीपीयू (म्हणजे ग्राफिक्स कार्ड) निवडा, पद्धत 'आस्पेक्ट रेशो' ठेवा, आणि गेमची सेटिंग डावलण्याच्या ओव्हरराइडच्या चौकटीत टिक करा. एवढ्याने ४:३ चे, म्हणजे जुन्या चौकोनी पडद्यांसाठीचे, गेम आडवे पसरायचे थांबले. दोन्ही बाजूंना काळे पट्टे येतात. येऊ द्या. पट्टे म्हणजे बिघाड, असं घरी येणाऱ्या प्रत्येकाला वाटतं. बिघाड तर ताणलेल्या चित्रात असतो.

त्याच पानावर 'इंटिजर स्केलिंग' नावाचा पर्याय आहे. तो एनव्हीडियाच्या ट्युरिंग पिढीच्या आणि त्यानंतरच्या कार्डांवर मिळतो. १६५० ट्युरिंगच आहे, त्यामुळे या साध्या कार्डावरही तो चालतो. यात रंग मिसळण्याची भानगडच नाही, एका पिक्सेलचे सरळ चार किंवा नऊ पिक्सेल होतात. १४४०पी घेतल्याचा सगळ्यात मोठा आनंद मला इथे मिळाला. ६४० बाय ४८० ला तीनने गुणा: १९२० बाय १४४०. उंची तंतोतंत भरते! शिवाय ७२०पी बरोबर दुप्पट होतं, आणि ८०० बाय ६०० दुप्पट करून १६०० बाय १२०० मध्ये छान बसतं. १०८०पीच्या पॅनेलवर ४८० दोनपटच होतं, ९६० ओळी, आणि चारी बाजूंनी चौकट उरते. म्हणजे रोड रॅशच्या काळातले ६४० बाय ४८० वाले गेम १०८०पीपेक्षा १४४०पीवर जास्त नीट बसतात. १९९९ चा मूळ एज ऑफ एम्पायर्स २ मी ८०० बाय ६०० वर असाच खेळतो. गावकऱ्याच्या हातातली कुऱ्हाडसुद्धा कडेकडेने वेगळी दिसते. एक लक्षात ठेवा, इंटिजर चालू असताना १०८०पी निवडलं तर ते एकपटच राहतं आणि पडद्याच्या मधोमध छोटं चित्र दिसतं. त्यात नादुरुस्त काही नसतं. १०२४ बाय ७६८ चंही तेच, दुप्पट केलं तर १५३६ ओळी होतात आणि त्या १४४० मध्ये मावत नाहीत.

थ्रीडी गेमचं मात्र वेगळं. तिथे पिक्सेल मोठे करण्यापेक्षा गेमलाच मोठ्या रिझोल्यूशनवर काढायला लावणं कधीही चांगलं. २००५ चा नीड फॉर स्पीड मोस्ट वाँटेड घ्या. आमच्या पिढीतल्या पोट्ट्यांनी कॅफेत तासाचे पैसे मोजून खेळलेला गेम. त्यात वाइडस्क्रीनचा पर्यायच नाही. १२८० बाय ९६० निवडून फुल स्क्रीन केला तर गाडी रुंद होते आणि खालचा गोल नकाशा अंडाकृती. यावर 'वाइडस्क्रीन फिक्सेस पॅक' हा फुकटचा उपाय आहे. गेमला १.३ पॅच लागतो. मग डीइनपुट८.डीएलएल ही फाइल आणि स्क्रिप्ट्स नावाचा फोल्डर गेमच्या मुख्य फोल्डरमध्ये, म्हणजे ज्यात गेमची ईएक्सई आहे तिथे टाकायचा. स्क्रिप्ट्समधल्या आयएनआय फाइलमध्ये रेसएक्स आणि रेसवाय शून्यच राहू द्या, म्हणजे तो डेस्कटॉपचं रिझोल्यूशन आपोआप उचलतो. एचयूडी (पडद्यावरचा नकाशा, आकडे) आणि एफओव्हीच्या (नजरेत किती रुंद भाग मावतो त्याच्या) ओळी एकवर हव्यात. एफओव्हीची ओळ महत्त्वाची, कारण काही गेम वाइडस्क्रीन करताना वरचा-खालचा भाग कापतात आणि मग सगळं जवळ आल्यासारखं वाटतं. इथे उलट होतं, डावीकडचा-उजवीकडचा रस्ता वाढतो. वळणावर आडव्या रस्त्याने येणारी पोलिसांची गाडी आधी दिसते. नकाशा पुन्हा गोल होतो, स्पीडोमीटरचे आकडे कातीव. इतक्या वर्षांच्या जुन्या गेमसाठी लोक अजून हे काम फुकट करत बसतात, याचं मला मनापासून कौतुक आहे.

ज्या गेमसाठी असा खास उपाय नाही, त्यांच्यासाठी डीजीव्हूडू २. गेम कार्डाशी ज्यातून बोलतो, त्या जुन्या डायरेक्टएक्सच्या आणि ग्लाइडच्या आज्ञा हे नव्या डायरेक्टएक्समध्ये बदलून देतं. २००० चा आयजीआय मी यावरच चालवतो. डीजीव्हूडूच्या एमएस फोल्डरमधल्या एक्स८६ मधल्या डीएलएल फाइली गेमच्या ईएक्सईशेजारी ठेवायच्या. जुने गेम ३२ बिटचे असतात, त्यामुळे एक्स६४ मधल्या टाकल्यात तर काहीच होणार नाही. सोबतचं कंट्रोल पॅनेल उघडून रिझोल्यूशन ठरवा, स्केलिंग मोडमध्ये आस्पेक्ट रेशो जपणारा पर्याय घ्या, डायरेक्टएक्सच्या टॅबवर वॉटरमार्कची टिक काढा. डाउनलोड मूळ ठिकाणाहूनच करा. डीएलएल फाइली कुठूनही उचलणं धोक्याचं आहे.

विंडोजचा हात सगळ्यात गुपचूप पडतो. मजकूर मोठा दिसावा म्हणून मी १२५ टक्के स्केलिंग ठेवलंय. त्यामुळे काही गेमना पडदा २०४८ बाय ११५२ चाच वाटतो, कारण २५६० भागिले सव्वा म्हणजे २०४८. सेटिंग्जच्या यादीत १४४०पी दिसतच नाही, किंवा गेमचा उजवा-खालचा कोपरा पडद्याबाहेर जातो. उपाय साधा आहे: ईएक्सईवर उजवी क्लिक, प्रॉपर्टीज, कम्पॅटिबिलिटी, 'चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज', खालच्या ओव्हरराइडला टिक करून 'ॲप्लिकेशन' निवडा. लॅपटॉपवर विंडोज बहुधा १५० टक्क्यांवर असतं, तिथे हा प्रकार आणखी छळतो. १०८०पीचा पडदा असून गेम १२८० बाय ७२० वर अडतो.

पडदा काळा पडून 'आउट ऑफ रेंज' किंवा 'इनपुट नॉट सपोर्टेड' आलं तर मॉनिटर गेला असं समजू नका. गेमने मॉनिटरला न झेपणारा रिझोल्यूशन-रिफ्रेश रेटचा जोड मागितलेला असतो. आधी ऑल्ट-एंटर दाबून गेम खिडकीत आणा. नाहीच जमलं तर डॉक्युमेंट्समध्ये त्या गेमच्या नावाचा फोल्डर शोधून सेटिंगची फाइल उडवा, म्हणजे गेम पुन्हा मूळपदावर येतो. भाच्याच्या लॅपटॉपवर जीटीए सॅन अँड्रियास "८०० बाय ६०० बाय ३२ व्हिडिओ मोड सापडत नाही" म्हणून उघडतच नव्हता. यूजर फाइल्सच्या फोल्डरमधली जीटीए_एसए.सेट काढली आणि सुरू झाला. तोवर घरात लॅपटॉप फॉरमॅट करायची भाषा सुरू होती. याच गेममध्ये फ्रेम लिमिटर (सेकंदाला किती चित्रं काढायची ते बांधणारी सेटिंग) बंद करू नका. १४४ हर्ट्झच्या मोहात काही जण करतात आणि मग गेमची चालच बिघडते.

आता नवे गेम, म्हणजे दुकानदाराचा मुद्दा. १६५० ला पूर्ण १४४०पी जड जातं, हे खरंच आहे. पण रिझोल्यूशन १०८०पीवर उतरवायची गरज नाही. गेम १४४०पीवरच ठेवा आणि आतलं रेंडरिंग (गेम स्वतः चित्र काढतो ते रिझोल्यूशन) कमी करा. कमी पिक्सेलचं चित्र हुशारीने मोठं करणारं एनव्हीडियाचं डीएलएसएस या कार्डावर नाही, त्याला आरटीएक्स कार्ड लागतं. त्याच कामाचं एएमडीचं एफएसआर मात्र एनव्हीडियाच्या कार्डांवरही चालतं. क्वालिटी मोडमध्ये गेम आतून १७०६ बाय ९६० वर काढला जातो. म्हणजे १०८०पीपेक्षाही कमी काम, पण नकाशा, संवाद, मेनू सगळं पूर्ण १४४०पीवर राहतं. डोळ्यांना सुख लागतं ते तिथेच. रेड डेड रिडेम्प्शन २ मध्यम सेटिंगवर असा खेळतोय. लांबच्या गवतात आणि घोड्याच्या आयाळीत थोडी थरथर दिसते, ती लपत नाही. तरी मॉनिटरने ताणलेल्या १०८०पीपेक्षा हे चित्र कितीतरी चांगलं आहे.

याचा एक फायदा उन्हाळ्यात कळला. नवतप्यात आपल्याकडे पारा ४५ च्या आसपास असतो, दुपारी कूलरसुद्धा गरम हवा फेकतो. तेव्हा आतलं रेंडरिंग कमी आणि फ्रेम ६० वर बांधलेल्या, असं ठेवलं की कार्डाचा पंखा ओरडत नाही आणि गेम मधेच अडखळत नाही. कॅबिनेट कूलरच्या थेट झोतात मात्र ठेवू नका. ती हवा ओलसर असते, आणि आतल्या धुळीचा त्याने चिखल होतो.

एफएसआर नसलेल्या गेमसाठी स्टीमवरचं लॉसलेस स्केलिंग घेतलंय, विकतचं आहे. गेम विंडो किंवा बॉर्डरलेसमध्ये चालवून कंट्रोल-ऑल्ट-एस दाबायचं. निवांत गेमसाठी उत्तम. नेमबाजीच्या ऑनलाइन गेममध्ये माउस किंचित मागे राहिल्यासारखा वाटतो, तिथे मी वापरत नाही. शेजारचा मुलगा काउंटर-स्ट्राइक २ मुद्दाम १२८० बाय ९६० वर ताणून खेळतो, समोरचा खेळाडू रुंद दिसावा म्हणून. त्याला पट्टे नकोत, त्यामुळे त्याच्याकडे 'फुल-स्क्रीन' स्केलिंग ठेवलं. मला ते चित्र बघवत नाही, पण त्याच्या कामाचं ते आहे.

मॉनिटरबद्दल थोडं राहिलं. अंधाऱ्या खोलीत काळा रंग करडा दिसतो, आयपीएस असल्यामुळे ते चालायचंच. स्टँड फक्त वर-खाली कलतो. केबल डिस्प्लेपोर्टचीच लावा. मॉनिटरचा एचडीएमआय १.४ असेल तर १४४०पीला ७५ हर्ट्झच्या आसपास मामला संपतो, आणि १४४ चे पैसे मोजून लोक वर्षभर ६० वर बसतात. २७ इंचात १०८०पी घेऊ नका. इंचाला ८२ पिक्सेल मिळतात, इथे १०९ आहेत. १०८०पीच हवा असेल तर २४ इंची घ्या.

ड्रायव्हर अपडेट करताना 'क्लीन इन्स्टॉल'ला टिक केली तर वरची स्केलिंगची सगळी जमवाजमव पुसली जाते. मी कंट्रोल पॅनेलच्या त्या पानाचा फोटो मोबाइलमध्ये ठेवलाय, आणि प्रत्येक गेमच्या मूळ डीएलएल फाइली त्याच फोल्डरमध्ये 'जुने' नावाने.