ओएलईडी की रंगीत टीएफटी? आधी चित्राचं वजन करा

कोल्हापूरच्या शिवाजी उद्यमनगरातल्या ओळखीच्या एका वर्कशॉपला जॉब मोजणारा काउंटर हवाय. बटण दाबलं की आधी लोगो, मग आकडे. बोर्ड आहे आर्डुइनो उनो (आर३). समोर स्क्रीन दोन: ०.९६ इंची ओएलईडी (पडदा चालवणारी चिप, म्हणजे कंट्रोलर, एसएसडी१३०६) आणि १.८ इंची टीएफटी (कंट्रोलर एसटी७७३५). रंग बघून सगळे टीएफटीला भुलतात. मी आधी चित्र किती बाइटांचं, ते बघतो.

ओएलईडीचे ठिपके १२८ × ६४, ठिपक्याला एक बिट. अख्खं चित्र १,०२४ बाइटांत. टीएफटीचे १२८ × १६०, ठिपक्याला १६ बिट. झाले ४०,९६० बाइट. उनोची फ्लॅशच, म्हणजे प्रोग्रॅम आणि चित्रं साठवायची जागाच, ३२ केबी! ओएलईडीही अगदी फुकट नाही म्हणा: बऱ्याच लायब्ऱ्या चित्राची प्रत रॅममध्ये ठेवतात, म्हणजे २ केबीतली निम्मी गेली.

जोडणीत ओएलईडी सोपा. आयटूसीच्या दोन तारा, लायब्ररी चार्ज पंप (पडद्याला लागणारा जास्त व्होल्टेज बनवणारा भाग) चालू करते, झालं. लोगो मात्र काळा-पांढरा करताना बारीक अक्षरं गायब होतात. तो लहान आकारात नव्याने काढलेला बरा. शिवाय कंट्रोलरला थेट पाठवायचं तर एका बाइटमध्ये आठ ठिपके उभे बसतात. मांडणी चुकली की लोगोचा चुरा.

टीएफटी खरा छळतो. रीसेट, मग झोपेतून उठवायची आज्ञा (हेक्स, म्हणजे सोळाच्या पायाच्या मोजणीत, ११), १२० मिलिसेकंद थांबा, १६ बिटी रंगाची आज्ञा (३ए, सोबत ०५), शेवटी डिस्प्ले ऑन (२९). पडदा नुसता पांढराच राहिला तर रीसेट आणि डीसीच्या (येतेय ती आज्ञा की डेटा, हे सांगणारी तार) तारा आधी तपासा. माझा गुलालासारखा गुलाबी एकदा जांभळा उमटला. लाल-निळ्याची अदलाबदल; ३६ आज्ञेतला एक बिट फिरवला आणि जमलं. रंगांचा पार विचका झाला तर बाइटांचा क्रम बघा, वरचा बाइट आधी जातो. कडेला कचऱ्याची पट्टी दिसली तर एक-दोन ठिपक्यांचा ऑफसेट द्या, म्हणजे चित्र तेवढं सरकवा. आणि उनो ५ व्होल्टचा, कंट्रोलर ३.३चा, मॉड्यूलवर सोय नसेल तर ५ व्होल्टचा सिग्नल ३.३वर आणणारा लेव्हल शिफ्टर लावा.

एवढं ऐकून कुणीही ओएलईडीच घेईल. पण हा काउंटर दिवसभर चालणार, आणि तीच अक्षरं त्याच जागी राहिली की ओएलईडीवर त्यांचा डाग उठतो. म्हणून इथे टीएफटीच. लोगो ६४ × ६४चा केला, ८,१९२ बाइट. उनोच्या फ्लॅशमध्ये निवांत बसतो, भावा.