मालिकेच्या सेटवरचा गोंधळ: दोन अंकी नाटक की वेबमालिका?

रोजच्या मालिकेच्या पडद्यामागचा सावळागोंधळ विनोदात मांडायचा, तर नाटकच सरस. रात्रीचा भाग अजून शूट व्हायचाय, आधी शूट करून ठेवलेल्या भागांची बँक संपलीय, लेखकाची पानं सीन लागल्यावर येतायत. ही घाई एकाच सेटवर, सलग वेळेत जास्त पेटते.

दिवाणखाना अर्धाच उभा करा; उरलेल्या जागेत मॉनिटर आणि मेकअपची खुर्ची. दारं 3 हवीत, नाहीतर माणसं एकमेकांना चुकवणार कशी? कंटिन्युइटीची, म्हणजे एका शॉटमधलं पुढच्या शॉटशी न जुळण्याची, चूक मात्र ठसठशीत निवडा. बदललेलं मंगळसूत्र दहाव्या रांगेला दिसत नाही. प्लास्टरमधला डावा हात उजवा झाला की बाल्कनीतही कळतं. प्लास्टर खरं नको, मागून वेल्क्रो लावलेलं कवच घ्या. विंगेत पटकन बदलतं. हशा ओसरायच्या आत पुढचं वाक्य आलं तर ते वाया जातं, म्हणून तिथे नुसती हालचाल ठेवा.

वेबमालिकेत तेच मंगळसूत्र क्लोजअपमध्ये चालतं, सासूचा धक्का संकलनात तीनदा दाखवता येतो. पण मालिकेचा सेट आणि त्यामागची जागा, दोन्हीकडे लाइट लावावे लागतात. शिवाय फ्रेममध्ये आलेली बूमची, म्हणजे माइकच्या लांब दांडीची, सावली मुद्दाम की चुकून, हे प्रेक्षकाला उमगत नाही. मुद्दाम असेल तर एखाद्या पात्राने वर बघायलाच हवं.