बाळंतिणीचा डबा लावा, सोबतचा कागद सोडा

सिझर झालं आणि आईला शाळेतून जास्त सुट्टी मिळेना, म्हणून प्रतापनगरातल्या एका काकूंकडे सव्वा महिन्याचा बाळंतिणीचा डबा लावला. दिवसाचे 280 रुपये. साडेअकराला चार पुडांचा डबा दारात. मऊ भात, लसणाच्या फोडणीचं मुगाचं वरण, शेपूची भाजी, बाजरीची भाकरी, वरून तूप. डिंकाचा लाडू असा की नवरा रात्री उठून चोरायचा. (दोनदा पकडला.) अळिवाची खीर मात्र गोडमिट्ट. साखर कमी करा म्हणून तीनदा सांगितलं, मग नाद सोडला.

कटकट आहे ती पहिल्या दिवशी डब्यासोबत आलेल्या कागदाची. पानकोबी, फुलकोबी, चणाडाळ, वांगं बंद. सगळं वातूळ, बाळाचं पोट फुगतं म्हणे. आणि संत्री बंद! डिसेंबरात, नागपुरात! सासूबाईंनी कागद फ्रिजवर चिकटवला.

मी निमूट पाळलं. पोरगी तरी रोज संध्याकाळी सात वाजले की पाय पोटाशी घेऊन लालबुंद व्हायची. दहा दिवस कॅलेंडरवर खुणा केल्या. नुसत्या वरण-भाताच्या दिवशीही तेच. शेवटी डॉक्टरांना विचारलं. कोबीचा गॅस आपल्या आतड्यात होतो आणि तिथूनच जातो, म्हणाले. दूध रक्तातून बनतं, त्यात गॅस उतरत नाही. हे रडणं सहाव्या आठवड्याच्या आसपास सगळ्यात जास्त असतं, तीन-चार महिन्यांत ओसरतं. मग त्यांनी मला समोर पाजायला लावलं. पोरगी नुसतं टोक धरून चुकचुक आवाज करत हवा गिळत होती. तोंड मोठं उघडल्यावर छातीशी घ्यायचं आणि मधे ढेकर काढायचा, एवढं जमल्यावर बराच फरक पडला.

गंमत अशी, की आईच्या खाण्यातून दुधात उतरून काही बाळांना खरंच बाधतं ते गाईच्या दुधातलं प्रथिन. कागदावर त्याचं नावच नाही, आणि डब्यात रोज वाटीभर खीर! बाळाच्या शीमध्ये रक्त दिसलं तर डॉक्टर आईचं दूध-दही काही दिवस बंद करून बघतात. आमच्याकडे तसं काही नव्हतं, म्हणून खीर चालू राहिली.

सव्वा महिना संपला, डबा बंद केला नाही. काकूंना फोन करून झुणका मागितला. "तुमच्या जबाबदारीवर बरं," म्हणाल्या. गुरुवारी झुणका आला, वर सांबार (म्हणजे कोथिंबीर) भुरभुरलेला, आणि शेजारी न मागितलेली ओव्याची पुडी.