फुलांचे वॉलपेपर विकणाऱ्या चित्रकारांसाठी स्पूनफ्लावर

मागणी आल्यावरच छपाई, या पद्धतीने स्वतःच्या चित्रांचे वॉलपेपर विकू इच्छिणाऱ्यांना स्पूनफ्लावर ही अमेरिकी सेवा मी मनापासून सुचवते. मात्र घरखर्च पूर्णपणे तिच्यावर सोपवावा, असे मला वाटत नाही. २००८ साली नॉर्थ कॅरोलायना राज्यात हवे ते चित्र कापडावर छापून देणारी कंपनी म्हणून ती सुरू झाली, पुढे वॉलपेपरही छापू लागली आणि २०२१ मध्ये छायाचित्रे छापून देणाऱ्या शटरफ्लाय या कंपनीने ती विकत घेतली. चित्रकाराने फाईल चढवायची. छपाई, बांधणी, पाठवणी आणि पैशांची वसुली कंपनीने करायची. घरात एकही रोल साठवावा लागत नाही, हा या व्यवस्थेचा सर्वांत मोठा आधार आहे.

सेवा कितीही चांगली असली, तरी वॉलपेपरचे खरे काम रिपीट, म्हणजे पुन्हा पुन्हा छापला जाणारा नक्षीचा एक तुकडा, बसवण्याचे असते आणि ते चित्रकारालाच करावे लागते. येथील रोल २४ इंच रुंद असतो, त्यामुळे रिपीटची रुंदी २४, १२, ८ किंवा ६ इंच अशी, म्हणजे २४ला पूर्ण भाग जाईल अशीच ठेवावी लागते. १० इंचांचे रिपीट केले, तर पहिल्या पट्टीच्या काठावर अर्धे तुटलेले फूल दुसऱ्या पट्टीवर पुढे जुळत नाही आणि ग्राहकाच्या भिंतीवर सांधा उघडा पडतो. छपाईसाठी इंचाला १५० पिक्सेल अपेक्षित असल्याने पूर्ण रुंदीच्या रिपीटसाठी ३,६०० पिक्सेल रुंदीची फाईल लागते, आणि कागदावर जलरंगात काढलेले लहान चित्र ताणून मोठे केल्यास पाकळ्यांच्या कडा विरघळल्यासारख्या दिसतात. फुलांच्या नक्षीत आणखी एक अडचण येते: सर्वांत मोठे फूल प्रत्येक रिपीटमध्ये त्याच उंचीवर आले, तर दुरून पाहताना भिंतीवर आडव्या रांगा दिसू लागतात. म्हणून शेजारचा स्तंभ अर्ध्या उंचीने खाली सरकवून रचना करणे, ज्याला हाफ-ड्रॉप म्हणतात, हे शिकून घेण्यासारखे आहे. विक्रीच्या पानावरील लहानशा चौकोनात हा दोष लपतो, पूर्ण भिंतीवर लपत नाही.

रंगांच्या बाबतीत पडद्यावर विश्वास ठेवू नये. पडदा प्रकाशातून रंग दाखवतो आणि यंत्र शाईतून, त्यामुळे पारिजातकाच्या देठाचा झळझळीत केशरी किंवा बोगनवेलीचा गडद गुलाबी छपाईत थोडा मवाळच उतरतो. सोनचाफ्याचा पिवळसर रंग आणि पानांचे दबलेले हिरवे मात्र सुरेख येतात. कंपनी रंगांच्या सांकेतिक क्रमांकांसह छापलेला रंगनकाशा विकते. तो समोर ठेवून छटा निवडाव्यात आणि विक्रीला ठेवण्याआधी २४ बाय १२ इंचांचा नमुना मागवून दिवसाच्या उजेडात तपासावा, असा माझा आग्रह आहे.

कागदांमध्ये सोलून चिकटवायचा, पाणी लावल्यावर ज्याचा गोंद जागा होतो तो, आणि वेगळी खळ लावावी लागणारा, असे प्रकार मिळतात. भाड्याच्या घरात राहणारे ग्राहक पहिल्याकडे वळतात, परंतु ओल धरणाऱ्या, खरबरीत किंवा पावडर सुटणाऱ्या भिंतीवर तो टिकत नाही, हे विक्रेत्याने वर्णनातच स्पष्ट लिहावे. रोल ३, ६, ९ आणि १२ फुटांचे असतात. अमेरिकेतील नेहमीच्या ८ फुटी भिंतीला ९ फुटांचा रोल छान पुरतो, पण भिंत ९ फुटांची असली की कापण्यासाठी वरखाली कागद उरत नाही आणि ग्राहकाला १२ फुटांचा महाग रोल घ्यावा लागतो. ही उणीव मला खटकते.

पैशांचा हिशेब साधा आहे. मूळ कमिशन विक्रीच्या १० टक्के, म्हणजे ग्राहकाने १०० डॉलर मोजले तर चित्रकाराच्या हाती १० डॉलर. किंमत कंपनी ठरवते आणि ग्राहकाशी नातेही तिचेच राहते. तेथे गुलाब आणि पिओनीच्या नक्षींची इतकी गर्दी आहे, की नव्या चित्रकाराची आणखी एक गुलाबाची वेल सहसा कोणाला सापडत नाही; बकुळ, कण्हेर, गोकर्ण यांसारखी आपण जवळून पाहिलेली फुले, एकाच मेळातल्या तीन-चार रंगछटांमध्ये आणि सोबत एखादी बारीक, साधी नक्षी जोडून मांडली, तर संच म्हणून ती वेगळी उठून दिसतात. ज्यांना जास्त नफा हवा आहे, त्यांनी स्वतःचे दुकान उघडून स्थानिक छापखान्याशी दर ठरवावा. त्यात तक्रारी, परतावे आणि खराब झालेल्या रोलचा भुर्दंड आपल्याच माथी येतो. भारतातील ग्राहकांपुरते तर हेच योग्य ठरेल, कारण परदेशातून येणाऱ्या जड रोलवर पाठवणी आणि आयातशुल्काचा बोजा चढतो.