मुस्तफाच्या नावावर गेलेले 8,300 रुपये

दारव्हा तालुक्यातल्या आमच्या गावी एसटी स्टँडजवळ माझं झेरॉक्स-रिचार्जचं दुकान आहे. उन्हाळ्यात पोट्टे दिवसभर तिथंच घुटमळतात. त्यांच्यासाठी गेमचा डबा घ्यावा, पाच-पाच रुपयांत खेळू द्यावं, असं डोक्यात आलं. मोबाइलवर जाहिरात दिसली: दहा हजार गेम, 6,500 रुपये. व्हिडिओत ‘मुस्तफा’ सुरू होता, म्हणजे कॅपकॉमचा 1993 चा कॅडिलॅक्स अँड डायनासॉर्स. तुरीचे पैसे हातात होते, पाठवून दिले.

डबा आला. मुस्तफा लावला की पडदा काळा, अन् परत यादी. दुसरेही कितीतरी तसेच. फोन केला तर विकणारा म्हणाला, “भाऊ, मेमचं लायसन्स संपलं, 1,800 टाका, लगेच चालू करून देतो.” मेम म्हणजे जुने आर्केड गेम चालवणारं सॉफ्टवेअर. तेही टाकले. त्यानंतर माझा नंबर ब्लॉक.

यवतमाळला इंजिनीअरिंग शिकणारा भाचा आला, त्यानं सगळं उघडून पाहिलं. म्हणाला, “मामा, मेमला कसलं लायसन्स? ते 1997 पासून फुकट आहे.” डब्यात मेम नवं, अन् पेनड्राइव्हमधल्या फायली 2003 च्या 0.78 आवृत्तीच्या. मेमच्या आवृत्तीगणिक गेमच्या झिपमध्ये कोणत्या फायली हव्यात ते बदलत जातं. नव्या मेमला मुस्तफासाठी आवाजाच्या क्यूसाउंड चिपची वेगळी फाईल लागते, ती जुन्या संचात नसतेच. त्यानं तिथं 0.78 टाकलं अन् मुस्तफा धडाक्यात सुरू झाला. एक पैसा लागला नाही. किंग ऑफ फायटर्स 97 मात्र अजून बंदच आहे, कारण त्याला शेजारी नियोजिओ.झिप, म्हणजे त्या गेमच्या मूळ मशीनची फाईल लागते अन् ती विकणाऱ्यानं दिलीच नव्हती.

भाच्यानं आणखी एक सांगितलं, ते मनाला लागलं. मेम फुकट असलं तरी गेम कंपन्यांच्या मालकीचे आहेत. ते विकायचा हक्क त्या माणसाला नव्हता, अन् पैसे घेऊन खेळवायचा मलाही नव्हता. तो बेत मी सोडला.

कोणी लायसन्सचे पैसे मागितले तर तिथंच फोन ठेवा, बाप्पा. मेमची आवृत्ती कोणती अन् फायली कोणत्या आवृत्तीच्या, हे आधी विचारा. ज्याला सांगता येत नाही त्याच्याकडून डबा घेऊ नका. मी 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार केली, पण पैसे जाऊन तोवर तीन आठवडे झाले होते. त्याच दिवशी फोन करायला पाहिजे होता. पैसे अजून आलेले नाहीत. जाहिरात मात्र कालही दिसली, तोच व्हिडिओ, फक्त नंबर दुसरा.